तांबडीचं ऑपरेशन

आषाढातली सकाळ होती. सणसरच्या त्या गल्लीत बनाबाईची म्हैस रेकत होती, नळाखाली कुणाची तरी कळशी भरून वाहत होती, आणि सारजाबाईच्या तव्यावर पहिली भाकरी फुगली होती. पहिली भाकरी गाईची आणि शेवटची कुत्र्याची, असं जग म्हणतं. सारजाबाईकडं गाय नव्हती. त्यामुळं पहिलीही तांबडीची आणि शेवटचीही तांबडीची, मधल्या दोन सारजाबाईच्या. तांबडी म्हणजे तिची कुत्री. गावठी, तांबड्या रंगाची, एक कान उभा आणि एक पडका. उंबऱ्यावर हनुवटी टेकून ती तव्याकडं बघत होती.

तेवढ्यात दार वाजलं.

त्या गल्लीत कुणी दार वाजवून येत नाही. लोक लांबून हाक मारतात, नाहीतर सरळ चुलीपर्यंत येतात. दार वाजवणारा एकतर वीजबिलवाला, नाहीतर मतं मागणारा. सारजाबाईनं वाकून बघितलं तर भाचा. बारामतीचा ऋषिराज, तिच्या थोरल्या भावाचा मुलगा. शर्ट आत खोचलेला, गळ्यात पट्टा, पट्ट्याला स्वतःचाच फोटो.

"आगं बया, ऋषी! दार कशापायी वाजवतुयास? तुला काय पोस्टमननं धाडलंय का?"

"आत्या, सवय लागली बघ. फील्डवर जावं लागतं."

"फील्डवर म्हंजी रानात?"

"नाही गं, लोकांच्या घरी."

"मग घर म्हन की."

ऋषिराजनं चहा घेतला. वरची भाकरीही घेतली, म्हणजे तांबडीची शेवटची. आधी त्यानं आत्याच्या गुडघ्याची चौकशी केली, मग चाकणला कंपनीत असलेल्या तिच्या मुलाची, मग शेळीची. सारजाबाई मनातल्या मनात हसत होती. पाहुणा शेळीपर्यंत पोचला की त्याच्या पोटात काहीतरी आहे हे ओळखण्यात तिची अख्खी नोकरी गेली होती.

ती नोकरी गावच्या आरोग्य उपकेंद्रातली. हुद्दा 'अंशकालीन स्त्री परिचर', म्हणजे सरकारी हिशेबानं थोडा वेळ काम करणारी बाई. तो थोडा वेळ पहाटे केर काढण्यापासून सुरू व्हायचा आणि रात्री कुणाच्या तरी बाळंतपणाला सिस्टरच्या मागं कंदील धरून संपायचा. एकतीस वर्षं तिनं हा थोडा वेळ दिला. सरकारनं निरोपाला शाल दिली आणि नारळ दिला. नारळ तर आधीपासूनच दिल्यासारखा होता, असं सारजाबाई म्हणायची.

त्या कामातला मोठा भाग ऑपरेशनचा. आमच्याकडं 'ऑपरेशन' शब्दाला दुसरा अर्थच नाही. अपेंडिक्सला पोट कापलं म्हणतात, मोतीबिंदूला डोळं काढलं म्हणतात. आणि "तिचं ऑपरेशन झालंय" असं म्हटलं की त्या बाईला आता मूल होणार नाही, एवढंच सगळ्यांना कळतं. सिस्टरला टार्गेट असायचं, वर्षाला इतक्या केसा, म्हणजे ऑपरेशनला तयार केलेल्या बाया. मार्च आला की टार्गेट सारजाबाईच्या डोक्यावर यायचं. मग ती घरोघर जाऊन बायांना समजावायची, त्यांना शिबिराला न्यायची, तिथं त्यांचं लेकरू मांडीवर घेऊन बसायची, आणि बाई शुद्धीवर आली की पहिलं पाणी तीच पाजायची. ऑपरेशन केलेल्या बाईला सरकार पैसे द्यायचं. तेही सारजाबाईच मिळवून द्यायची.

त्यामुळं मार्चमधल्या सिस्टरच्या चेहऱ्यावर जे दिसायचं तेच आषाढात ऋषिराजच्या चेहऱ्यावर दिसलं, तेव्हा तिनंच विचारलं, "किती कमी पडत्यात रं?"

ऋषिराज दचकला. "काय?"

"केसा."

तो ओशाळून हसला. "चार पॉलिशा कमी पडतायत, आत्या. विम्याच्या. यंदा नवीन आलंय, पाळीव कुत्र्याचा विमा. बारामतीत चालतंय, हौशी लोक आहेत. पण ते आधीच सगळे कुणी ना कुणी धरून ठेवलेत. मी म्हटलं, आपल्या आत्याकडं कुत्री आहे."

"तांबडीचा इमा?" सारजाबाईला एवढं हसू आलं की तिनं पदर तोंडाला लावला. "मेली म्हंजी मला पैसं?"

"मेल्याचंही आहे. हरवली तर आहे, चोरीला गेली तर आहे."

"हिला कोन चोरून न्हील? चोर आला तर हीच म्होरं हून त्याला घर दावील."

"ते सोड. आजारी पडली तर दवाखाना, औषध, ऑपरेशन, सगळ्याचा खर्च मिळतो."

सारजाबाईचं हसू थांबलं. "काय म्हनलास? ऑपरेशनचा?"

"हो."

"ऑपरेशनचा खर्च कंपनी देती?"

"हो गं आत्या. ऑपरेशनलाच तर खरा खर्च असतो."

ह्यात ऋषिराज खोटं काहीच बोलला नाही. फक्त आत्यानं एकच गोष्ट दोनदा का विचारली, एवढं त्यानं स्वतःला विचारलं नाही. त्याला चार हव्या होत्या आणि त्यांतली एक समोर शेपूट हलवत होती.

आता सारजाबाईला ऑपरेशन का हवं होतं ते सांगायला हवं. गेल्या भादव्यात, म्हणजे कुत्र्यांच्या महिन्यात, गावातले सगळे दांडगे कुत्रे तिच्या दारात तळ ठोकून बसले होते. कार्तिकात तांबडी बनाबाईच्या गोठ्यामागं व्याली. सात पिल्लं झाली. पिल्लं दुडदुडू लागली तेव्हाच कारखान्याचा हंगाम सुरू झाला. रस्त्यावर उसाचे ट्रॅक्टर, एकेकाच्या मागं दोन-दोन ट्रॉल्या, वर टेपवर गाणी मोठ्यानं लावलेली. ड्रायव्हरला मागची ट्रॉली दिसत नाही, तिथं पिल्लू कुठनं दिसणार? पाच पिल्लं सारजाबाईनं फावड्यानं उचलली. तांबडी प्रत्येक वेळी त्या जागेपर्यंत मागं मागं यायची, वास घ्यायची आणि परत फिरायची. दोन पिल्लं वाचली, ती बावड्याच्या पाहुण्यांनी नेली. फावडं धुताना सारजाबाईनं ठरवलं होतं, पुढच्या भादव्याच्या आत हिचं ऑपरेशन करून टाकायचं.

म्हणून तिनं अंगठ्याऐवजी सही करता येते ह्या अभिमानानं ऋषिराजच्या मोबाइलवर बोटानं सही केली.

फॉर्म भरताना ऋषिराजनं विचारलं, "जात काय लिहू?"

"मराठा लिव्ह की. घरचीच हाय."

"कुत्रीची गं!"

"आता कुत्र्याची बी जात ईचारत्यात व्हय रं? ती तांबडी हाय, एवढंच लिव्ह."

त्यात तांबडी ही जात नव्हती. ऋषिराजनं खाली खाली शोधून शेवटी 'इंडियन' लिहिलं.

"भारतीय!" सारजाबाई तांबडीला म्हणाली. "ऊठ गं, जन गन मन हाय."

मग त्यानं तांबडीच्या नाकाचा फोटो घेतला. अगदी जवळनं. माणसाच्या अंगठ्यासारखे कुत्र्याच्या नाकाचे ठसे वेगळे असतात म्हणे. नाकाचे पाच फोटो झाले. प्रत्येक वेळी तांबडीनं मोबाइल चाटला. हे बघायला बनाबाई दारात आली. तिनं कंबरेवर हात ठेवून सगळं ऐकून घेतलं.

"कानात बिल्ला न्हाय मारला? माझ्या म्हशीच्या इम्याला बिल्ला मारला व्हता. बिल्ला दावल्याबिगर दमडी मिळत न्हाय."

"ह्यात नाक असतं, काकू," ऋषिराज म्हणाला.

"म्हंजी मेल्यावर नाक कापून द्यायचं? बरं हाय. आन् सारजे, तुझा सोताचा इमा काडलास का?"

"माझं नाक कुनाला पायजेल?" सारजाबाई म्हणाली.

जाताना ऋषिराजनं एक गुळगुळीत, रंगीत कागद दिला. त्यावर पिवळ्या केसांची एक बाई पांढऱ्या कुत्र्याला मिठी मारून हसत होती. कागद सगळा इंग्रजीत. उंबऱ्याच्या बाहेर पाय टाकता टाकता तो म्हणाला, "आत्या, पहिला महिनाभर काही धरत नाहीत बरं का. त्यानंतर."

आधी चहा, मग शेळी, मग सही आणि शेवटी उंबऱ्याबाहेर अट. ही रीतही सारजाबाईच्या ओळखीची होती.

महिना ती थांबली. नागपंचमी झाली. मग तिनं ऋषिराजला फोन लावला. "आता नेऊ का ऑपरेशनला?"

"काय झालं तिला?"

"काय व्हायचंय? व्हायच्या आदी न्हेयाचं."

ऋषिराज तेव्हा कुणाच्या तरी दारात उभा असावा. तो घाईनं म्हणाला, "आधी कंपनीची मंजुरी घ्यावी लागते, आत्या. मी अर्ज टाकतो. तू थांब." काय व्हायच्या आधी, हे त्यानं ह्याही वेळी विचारलं नाही.

ती आणखी थांबली. श्रावणी सोमवार एकामागून एक गेले. सारजाबाई रोज तांबडीची शेपटी उचलून माजावर आली का बघायची आणि बनाबाई रोज विचारायची, "आली का गं मंजुरी? का नाकाचा फोटू पुसट आला?" शेवटच्या सोमवारी शेजारच्या आळीतला काळा कुत्रा दारात येऊन बसला. हाकलला तर दहा पावलांवर जाऊन पुन्हा बसला. त्याला कुणाची मंजुरी लागत नव्हती.

दुसऱ्या दिवशी कंपनीचा फोन आला. आधी एक यंत्र इंग्रजीत बोललं, मग हिंदीत बोललं, मग गाणं लागलं आणि मग एक पोरगी मराठीत बोलू लागली. आवाज गोड, पाठ केलेला. अर्जात ऑपरेशन कशाचं ते लिहिलं नव्हतं, ते तिनं विचारलं; पिल्लं न होण्याचं, असं सारजाबाईनं सांगितलं.

"मॅडम, आपली विनंती नामंजूर होत आहे. ही ऐच्छिक शस्त्रक्रिया आहे."

"ऐच्छिक म्हंजी काय, बाई?"

"म्हणजे आपल्या इच्छेनं केलेली."

"कुनाच्या इच्छेनं? कुत्रीला ईचारलं व्हतं का तुमी?"

हे तिच्या कागदावर नसावं. "मॅडम, पॉलिसीत आजार आणि अपघात धरले जातात. पिल्लं होणं हा आजार नाही."

"आमच्या रस्त्याला हाय," सारजाबाई म्हणाली.

"सॉरी, मॅडम?"

"काय न्हाय. मग ऑपरेशनचं पैसं देतू म्हनून सांगितलं ते कोंचं ऑपरेशन?"

"उदाहरणार्थ हाड मोडलं, मॅडम. किंवा गर्भाशयात पू झाला तर, अटींच्या अधीन राहून."

"म्हंजी आत्ता काडलं तर न्हाय. आत सडू दिलं तर मिळंल."

"अटींच्या अधीन राहून, मॅडम. आपल्याला आणखी काही मदत हवी आहे का?"

सारजाबाईनं फोन ठेवला. बाळंतपण आटोपल्यावर सुईण धाडणारी कंपनी, आणि वर विचारते, आणखी मदत हवी का! तिनं तो गुळगुळीत कागद काढला. पिवळ्या केसांची बाई अजून हसतच होती. मग आठ दिवसांनी विकायचं ठरलेलं करडू तिनं त्याच संध्याकाळी विकलं. बनाबाई म्हणाली, "शेळीचं लेकरू इकून कुत्रीची लेकरं थांबवायची! ह्याला काय म्हनावं?" पण सकाळी तांबडीला गाडीत चढवायला मागून हात तिनंच लावला.

गाडी आरिफची. गल्लीच्या तोंडाशी त्याचं किराणा दुकान आहे, मालासाठी तो आठवड्यातून दोनदा छोटा हत्ती घेऊन बारामतीला जातो. रिकाम्या पोत्यांवर सारजाबाई बसली, मांडीवर तांबडीचं डोकं. काळा कुत्रा गाडीमागं पार गावाच्या कमानीपर्यंत पळत आला.

"मावशी, नवरदेव लई लांब पोचवायला आला," आरिफ आरशातून बघत म्हणाला.

"चल तू. वरातीला थांबू नगं."

"आन् इम्याचं काय झालं?"

"इमा मंजूर हाय. फकस्त हाड मोडाय पायजे. जरा खड्ड्यातनं घे."

बारामतीत भिगवण रस्त्याला डॉक्टर स्वरूपाचा जनावरांचा दवाखाना. वयानं सारजाबाईच्या मुलाएवढी, केस घट्ट बांधलेले. तांबडीला तपासून ती म्हणाली, "अजून माजावर आलेली नाही. पण आठ-दहा दिवस उशीर झाला असता तर मी थांबा म्हणाले असते. त्या दिवसांत रक्त जास्त जातं. आधी का नाही आणलं, मावशी?"

"मंजुरीची वाट बघत व्हते."

सारजाबाईनं पुढं केलेला तो गुळगुळीत कागद डॉक्टरनं वाचला आणि सुस्कारा टाकला. "महिन्यातून एकदा तरी कुणीतरी हा कागद घेऊन येतंच. अहो, बहुतेक पॉलिशांत हे नसतं. घेतानाच विचारावं लागतं."

"मी दोनदा ईचारलं."

"काय विचारलंत?"

"ऑपरेशनचं पैसं मिळत्यात का म्हनून."

डॉक्टर हसायला लागली, पण सारजाबाईचा चेहरा बघून थांबली. ती जवळच्याच कऱ्हाटी गावची होती. तिच्या आईचंही 'ऑपरेशन' झालं होतं. तिला कळलं.

सारजाबाईनं विचारलं, "टाक्याचं का बिनटाक्याचं?"

"टाक्याचं. पोटाला चीर द्यावी लागते. चार दिवस दुखेल. चाटू द्यायचं नाही, उड्या मारू द्यायच्या नाहीत. आणि हे परत उघडता येत नाही, माहिती आहे ना?"

सारजाबाईनं मान हलवली. डॉक्टर आत गेली तरी ती तशीच उभी होती, कारण 'परत उघडता येत नाही' ह्या वाक्यापाशी तिची एक जुनी जखम होती.

सुकन्या नावाची पोर. वय तेवीस, पदरात दोन मुली. सासूनं आणि सिस्टरनं मिळून तयार केलेली केस. टेबलावर जायच्या आधी सुकन्यानं सारजाबाईचा हात धरून विचारलं होतं, "मावशी, हे बंद करत्यात, म्हंजी पुन्यांदा उघडता येतं न्हवं?" सिस्टरनं डोळे वटारले. मार्चची एकतीस तारीख होती. सारजाबाई म्हणाली, "समदं नीट हुतंय, बाळा." खोटं काहीच बोलली नाही. दोन वर्षांनी सुकन्याची धाकटी मुलगी तापानं गेली, तेव्हा ती उपकेंद्रात आली आणि दारातूनच म्हणाली, "मला आदी का न्हाय सांगितलं?" ओरडली नाही, रडली नाही. तेवढं विचारून गेली.

त्यानंतर सारजाबाई कुठल्याही घरात गेली की आधी वाईट सांगायची. दुखतंय, टाकं पडत्यात, परत उघडता येत न्हाय. आता कर न्हायतर नको करू. सिस्टर कपाळाला हात लावायची, "तू केसा आणतीस का पळवतीस?" कितीतरी केसा पळाल्या. पण ज्या आल्या त्यांतली एकही पुन्हा दारात उभी राहून तसं विचारायला आली नाही.

दुपारी तांबडी शुद्धीवर आली. सारजाबाईनं ओंजळीतून तिच्या ओठांना पाणी लावलं. पहिलं पाणी तिच्याच हातचं, इतकी वर्षं बायांना पाजलं तसं.

गौरी जेवल्या त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा दार वाजलं. काळा कुत्रा तोवर कंटाळून निघून गेला होता. तांबडी पोटाला जुन्या लुगड्याचा पट्टा बांधून उंबऱ्यावर पडली होती. तिनं एक डोळा उघडून शेपूट एकदाच आपटली.

ऋषिराज आत आला. आज तो गुडघ्यापासून सुरू झाला नाही. "आत्या, कळलं मला. बाबा लई बोलले. पण मी खोटं बोललो नव्हतो गं. ऑपरेशनचा खर्च मिळतो म्हणालो, ते खरंच आहे. तूच नीट..."

"मीच काय?"

"म्हणजे तुझ्या मनात ते ऑपरेशन होतं, हे मला काय माहीत?"

"तू सणसरात हुबा राहून ऑपरेशन म्हनलास, ऋषी. हितं दुसरं कोंचं ऑपरेशन असतं? तुझ्या आईला माझ्याच हातानं न्हेलंय मी शिबिराला. तू सव्वा वर्साचा व्हतास, माझ्या मांडीवर मुतलास."

दारात बनाबाई खुसखुसली. ऋषिराजचे कान लाल झाले. तो खाली बघत म्हणाला, "मी खोटं बोललो नाही, एवढंच म्हणतोय."

"न्हाय बोललास," सारजाबाई म्हणाली. तिचा आवाज एकदम उतरला. "मीबी एकदा खोटं बोलले नव्हते. ती पोर अजून माझ्या दारात हुबी हाय."

ऋषिराजला काही कळलं नाही. त्याला सांगायचं तिच्या मनातही नव्हतं. त्यानं पाकीट काढलं, करडाचे पैसे मी देतो म्हणाला. तिनं हात आडवा केला. पॉलिसी रद्द करून थोडंफार परत मिळवून देतो म्हणाला, तर तिनं मान हलवली. "ऱ्हाऊ दे वरीसभर. ट्रॅक्टर हाईतच रस्त्याला. हाड मोडलं तर तुझी कंपनी काय करती ते बी बघू."

"मग मी करू तरी काय, आत्या?"

चुलीवर चहा उकळत होता. सारजाबाईनं तो गाळला, पण कप त्याच्याकडं सरकवला नाही.

"आता हितनं कुठं जानार?"

"भवानीनगरला दोन घरं आहेत. कुत्री आहेत त्यांच्याकडं."

"कुत्रं का कुत्री?"

"एकीकडं कुत्री."

"मग एक काम कर. त्यांच्या दारात गेलास की चहा घ्यायच्या आदी, सही घ्यायच्या आदी, मराटीत सांग: पिल्लं व्हऊ नयेत म्हनून जे ऑपरेशन करत्यात, त्याचं पैसं ह्यात मिळत न्हाईत. एवडं पयलं सांग, मग बाकीचं बोल."

मग तिनं कप पुढं केला.